पडद्यामागची बाई

मी साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत काम करते. उसाच्या रसातील साखर तपासते आणि फावल्या वेळात इतरांच्या चुका. त्यामुळे कारखान्याच्या वसाहतीच्या, पुरुषोत्तमनगरच्या, स्नेहसंमेलनात नाटिका बसवण्याचे काम मी मागून घेतले. मला दिग्दर्शनाचे बक्षीस हवे होते.

सामग्री दुर्मीळ होती. रंगमंचावरच्या नाटकावरून टीव्हीसाठी केलेले एक छोटे, जुने प्रहसन बाबांनी माझ्या जन्माआधी टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर ठेवून ध्वनिमुद्रित केले होते. संहिता कुठे मिळेना, म्हणून मी कॅसेटवरून शब्दन् शब्द उतरवला आणि कलाकारांना बजावले, "मूळ संवादांत एका अक्षराचाही फरक चालणार नाही."

कथानक साधे: जावई सासऱ्याला चुकवायला कपाटात लपतो, बायको त्याला घरभर शोधते. मध्येच एक स्त्री दुरून म्हणते, "कपाटमा दख, कपाटमा." थोड्या वेळाने तीच म्हणते, "दूध उतू जाई ऱ्हायनं." बाकी सगळी पात्रे शुद्ध पुणेरी बोलत असताना हीच अहिराणी का बोलते, यावर मी सखोल विचार केला. निष्कर्ष: हा लोकमानसाचा आवाज असून दूध हे बायकोच्या संपलेल्या संयमाचे प्रतीक आहे. गृहीतक मांडले, तपासले नाही. आई शेजारच्याच खोलीत होती. बालवाडीच्या बाईंना मी ती पडद्यामागची भूमिका दिली आणि 'दूध' या शब्दावरचा विराम आठवडाभर घोटून घेतला.

प्रयोगात त्या दोन वाक्यांना सर्वांत मोठा हशा मिळाला. हशा ओसरताना मला विंगेत ऐकू आले, पहिल्या रांगेतली आई बाबांना म्हणाली, "अहो, हाई तं मन्हं बोलनं शे."

"शेच ना," बाबा म्हणाले. "दूध खरंच उतू गयथं."

प्रयोग संपल्यावर परीक्षकांनी, एका निवृत्त शिक्षकांनी, मला माईकपाशी बोलावले. "पडद्यामागची बाई अप्रतिम. मूळ नाटकात ती आहे का?"

'हो' म्हटले असते तर बक्षीस बहुधा माझे होते. पण पहिल्या रांगेतून आई माझ्याकडे पाहत होती.

"नाही, सर. ती आमची आई आहे. टीव्ही बघताना बोलली, ती कॅसेटमध्ये आली."

दिग्दर्शनाचे बक्षीस दुसऱ्या गटाला गेले. 'उत्स्फूर्त संवादलेखना'साठी आईला नारळ मिळाला.

घरी आल्यावर तिने गॅसवर दूध ठेवले आणि मला शेजारी उभे केले. "आते तू दख," ती म्हणाली. "तुले संहिता तोंडपाठ शे."