शेवटची रेघ

कळंबच्या बाजारात तांब्याच्या पत्र्यावर जादूच्या खुणा कोरणं हा आमचा पिढीजात धंदा. त्यात नियम एकच: शेवटची रेघ गिऱ्हाइकाच्या उंबऱ्यावर ओढायची, कारण जिथं ती ओढली, तिथंच खूण काम करते.

येडशीची एक सून विसरभोळ्या सासूला घेऊन आली. म्हातारी रोज घराबाहेर पडून हरवायची, म्हणून तिला घरात थांबवणारी खूण हवी होती. दुकानात गर्दी होती, आणि गर्दी दिसली की माझ्या अंगात येतं. "बघा आता गंमत!" म्हणत मी छिन्नी नाचवली आणि शेवटची रेघ तिथंच ओढली.

म्हातारी माझ्या स्टुलावर ऐसपैस बसली. "आता मी कुठं जात न्हाय. हेच माझं घर."

लोक हसले. मीही हसलो. सून रडवेली झाली. "काका, आत्याबाईंना घरी कसं नेऊ आता?"

खूण खोडावी लागली, आणि एकदा खोडली की त्याच माणसासाठी ती पुन्हा बनत नाही. खोडताच म्हातारी उठून रस्त्याकडं निघाली. सुनेनं धावत जाऊन तिच्या पदराला आपल्या पदराची गाठ मारली. दोघी एसटीत चढेपर्यंत मी त्या गाठीकडंच बघत होतो.