धंदा सोडला, एवढंच म्हणायचं

डेअरीवाल्या आत्या म्हणजे कुणाच्याच सख्ख्या आत्या नाहीत, पण अख्खी गल्ली त्यांना आत्याच म्हणते, त्यांच्याहून मोठी माणसंसुद्धा. त्या दिवशी डेअरीचं शटर अर्धंच वर होतं आणि आत वकील, मुलगा आणि सून असे तिघं आत्यांना घेरून बसले होते.

"आत्या, उद्या कोर्टात एकच वाक्य. मी धंदा सोडला. बस्स!" वकील म्हणाले. "केस इतकी जुनी, तुमचं वय झालेलं, पहिलाच गुन्हा. शिक्षा नक्की कमी होईल."

आत्यांनी दुधाच्या कॅनवर थाप मारली. "आणि हे काय मग, शोभेला ठेवलंय?"

केस खरंच जुनी होती. मुलगा तेव्हा रांगत होता. सासऱ्यांनी लावलेली सवय अशी, की कॅन उघडलं की वरूनच माप बुडवून द्यायचं, ढवळायचं नाही. त्यामुळे सगळी मलई आधी येणाऱ्या गिऱ्हाइकांच्या भांड्यात जायची. एके दिवशी अन्न खात्याचा इन्स्पेक्टर उशिरा आला आणि तळाचं पातळ दूध बाटल्यांत भरून घेऊन गेला. रिपोर्ट आला, फॅट कमी, म्हणजे भेसळ. आत्यांनी पाण्याचा थेंब घातला नव्हता हो! पण खालच्या कोर्टाने सहा महिने ठोकले. आठवडाभर आत काढून त्या जामिनावर सुटल्या आणि वरच्या कोर्टातलं अपील जे लटकलं ते लटकलंच. तोवर मुलाचं लग्न होऊन त्याचे केसही पांढरे व्हायला लागले.

आत्यांना मात्र तुरुंगापेक्षा दुसरंच मनाला लागलं होतं. सगळ्यात शेवटी दुधाला कोण यायचं? चार घरची धुणीभांडी उरकून धावत येणाऱ्या बायका. पैसे तेवढेच देऊन तळाचं पातळ दूध त्यांच्याच पोरांच्या पोटात जायचं. जामिनावर सुटून आल्या त्या दिवसापासून आत्या प्रत्येक मापाआधी कॅन ढवळतात. हात भरून येतो, तरी ढवळतात.

"आई, आजच डेअरी माझ्या नावावर करू," मुलगा म्हणाला. "मग खोटं पण नाही ना बोललीस?"

"आणि परवा इथे उभं कोण राहणार?"

"...तूच."

"झालं तर मग!"

"अगं, तुला आत टाकलं तर आम्ही गल्लीत तोंड कसं दाखवायचं?"

"तू कधी दाखवतोस रे? नऊ वाजेपर्यंत तोंडावर पांघरूण असतं तुझं!"

सून उठली. "अहो, पुरे आता. आई, मी तुमची बॅग भरते. गोळ्या वरच ठेवते, लगेच सापडतील अशा."

आत्या नुसतं "हं" म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी कोर्टात जजसाहेबांनी फाइलवरून मान वर केली. "आजी, अजून दूध विकता?"

"साहेब, त्यांचं वय बघता..." वकील मध्येच घुसले.

"मी त्यांना विचारतोय."

आत्यांनी कठडा घट्ट धरला. "विकते साहेब. आज पहाटे विकूनच आले. केस झाली तेव्हा मी दूध ढवळत नव्हते, शेवटी येणाऱ्याला पातळ जायचं. आता ढवळते. हातपाय चालतील तोवर विकणार."

वकिलांनी कपाळाला हात लावला.

जजसाहेबांनी सरकारी वकिलांना विचारलं, "यांच्याकडून नंतर कधी नमुने घेतले?"

सरकारी वकिलांनी कागद चाळले. "बऱ्याचदा, साहेब. सगळे चांगले निघाले."

मग जजसाहेबांनी सांगितलं, गुन्हा कायम. पण एवढी वर्षं टांगती तलवार डोक्यावर घेऊन जगलेल्या बाईला आता आत पाठवण्यात अर्थ नाही. भोगला तो आठवडा पुरे, दंड मात्र वाढवून भरायचा.

बाहेर येताच वकील हसत म्हणाले, "आत्या, तुमच्या तोंडाने आज माझा जीवच घेतला होता! पण सुटलात. गुन्हा कायम म्हणाले ते मनाला लावून घेऊ नका."

"का नाही लावायचं? बरोबरच बोलले ते. त्या बायकांना मी पातळ दूध विकलंच होतं." आत्यांनी पदर खोचला आणि त्या मुलाकडे वळल्या. "बघत काय राहिलास? दंड भर आणि रिक्षा बोलाव. संध्याकाळचं दूध यायची वेळ झाली."