आधी हात धुऊन येतो

आमच्या साडूंइतके स्वच्छ हात अख्ख्या खानदेशात कुणाचे नसतील, आणि इतके स्वच्छ हात असूनही व्हिडिओ गेमच्या रिमोटला त्यांनी गेल्या दिवाळीपर्यंत एकदाही बोट लावलेलं नव्हतं. ही दोन्ही विधानं मी पूर्ण जबाबदारीनं करतो आहे. गेम खेळणारी माणसं मी पुष्कळ पाहिली. गेम खेळू नका म्हणून ओरडणारी तर आमच्या धुळ्यात गल्लीगल्लीत आहेत. पण स्वतः न खेळता गेमच्या डिस्क धुणं, पुसणं, वाळवणं आणि त्यांना ऊनवारा लागू न देणं यात ज्याचा सगळा फावला वेळ जातो असा माणूस मला एकच माहीत आहे, आणि नेमका तोच माझ्या बायकोच्या मोठ्या बहिणीला मिळाला. माझी बायको म्हणते, ताईचं नशीब. ताई म्हणते, निदान पत्ते तर खेळत नाहीत.

साडूंची जळगावात भागीदारीत डाळ मिल आहे. तुरीला तेलाचा हात लावायचा, वाळवायची, भरडायची असा तो धंदा, त्यामुळे दिवसभर अंगावर भुसा आणि बोटांना तेल. संध्याकाळी घरी आले की ते आधी हातांना बेसन चोळतात, कारण तेल बेसनानंच जातं असं त्यांचं ठाम मत आहे. मग साबण. मग पुन्हा साबण, कारण आता बेसन घालवायचं असतं. धुतलेले हात टॉवेलला पुसायचे नाहीत, टॉवेलचे धागे लागतात. दोन्ही हात वर धरून, कोपरानं दार ढकलत ते हॉलमध्ये येतात तेव्हा नवख्या माणसाला वाटतं की आत कुणाचं तरी ऑपरेशन चाललेलं आहे आणि हे आता बाहेर येऊन काहीतरी वाईट बातमी सांगणार. एकदा नेमक्या अशा वेळी कुरियरवाला आला. साडूंनी त्याला पार्सल आपल्या काखेत सरकवायला लावलं आणि सहीसाठी ताईला हाक मारली. जाता जाता त्या बिचाऱ्यानं ताईला हळूच विचारलं, साहेबांच्या हातांना काय झालंय म्हणून.

डिस्कचा मुक्काम लोखंडी कपाटाच्या लॉकरमध्ये. जळगाव हे सोन्याचं गाव, तिथल्या घरात लॉकर कशासाठी असतो हे मी सांगायला नको. साडूंच्या लॉकरमध्ये डिस्क आहेत आणि ताईच्या पाटल्या साडीच्या घडीत. ताईनं एकदा कुरकुर केली तेव्हा साडू शांतपणे म्हणाले, "तुझ्या पाटलीला चरा पडला तर सोनार उजळून देईल. हिला कोण उजळून देणार?" तेव्हापासून घरात दागिना शोधायचा झाला की आधी सगळ्या साड्या बाहेर येतात.

पुसण्याचं शास्त्र तर विचारूच नका. साडूंच्या वडिलांचं एक जुनं धोतर आहे, धुऊन धुऊन सायीसारखं मऊ झालेलं. त्याचे तुकडे करून ठेवलेत. पाणी साधं चालत नाही, इन्व्हर्टरच्या बॅटरीत घालतात ते लागतं. डिस्क कडेनं धरायची आणि फडकं मधून कडेकडं सरळ न्यायचं. गोल फिरवलं की संपलं. मधून कडेला गेलेला चरा गेमचं मशीन ओलांडून जातं, पण गोल चऱ्यात सापडलं की त्याला बाहेर पडता येत नाही, असं ते सांगतात, आणि सांगताना त्यांचा चेहरा असा होतो की आपल्याला त्या मशीनची काळजी वाटायला लागते. ही सवय हातात इतकी मुरली आहे की जेवणाचं ताटसुद्धा ते तसंच पुसतात. धुळ्याला आमच्या एका लग्नात पंगतीला बसल्यावर त्यांनी रुमाल काढला आणि समोरचं ताट मधून कडेकडं, मधून कडेकडं, असं चारी बाजूंनी पुसलं. शेजारच्या पाहुण्यांना वाटलं, वरपक्षाचा काही कुळाचार असेल. त्यांनीही पुसलं. बघता बघता ते लोण पंगतीच्या टोकापर्यंत गेलं, आणि वाढपी भाताची परात घेऊन ताटकळत उभे राहिले.

मी स्वतः त्यांच्या नजरेतून उतरलो तो एका फुंकरीमुळे. डिस्कवर धुळीचा कण दिसला, मी सवयीनं फू केलं. आपल्याकडं पोथीपासून पापडापर्यंत सगळं फुंकरूनच हातात घेतात. साडूंनी डोळे मिटले. नंतर अगदी हळू आवाजात, साडूभाऊ, तुम्ही तिच्यावर थुंकलात, एवढंच म्हणाले. पुढं दिवसभर त्यांनी मला चहा विचारला, पान विचारलं, पण लॉकर काही पुन्हा उघडला नाही. शेजारच्या निवृत्त मास्तरांची गत याहून वाईट झाली. मास्तरांनी मोबाइलवर कुठंतरी पाहून नातवाची डिस्क टूथपेस्टनं घासली. डिस्कला लवंगेचा छान वास येऊ लागला, गेम मात्र कायमचा बंद पडला. साडू सांत्वनाला गेले. खरोखर गेले, आणि बराच वेळ खाली मान घालून बसले.

उन्हाळ्यात जळगावात काय होतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. दुपारी रस्त्यावर कुत्रंसुद्धा दिसत नाही. अशा वेळी डिस्क वाकडी होते, म्हणून घरातली सगळ्यात थंड खोली त्या कपाटाला दिलेली आहे. बरं, कूलर लावावा तर त्याची ओल डिस्कला बाधते, म्हणून कूलरचं तोंड कपाटाकडं नाही आणि त्यामुळं कपाटाच्या बाजूला बसलेल्या आमच्याकडंही नाही. मे महिन्यात मी साडूंकडं जातो तो केवळ ताईच्या हातच्या शेवभाजीसाठी, आणि घाम पुसत पुसत खाऊन परत येतो. घाम मात्र मी गोलच पुसतो.

आता ही सगळी इस्टेट कुणाची, तर त्यांच्या मुलीची, म्हणजे माझ्या भाचीची. दहावीत चांगले मार्क मिळाले म्हणून तिला मशीन घेऊन दिलं होतं. ती खेळायची आणि साडू मागं उभं राहून बघायचे. पप्पा, या ना, म्हणून ती दुसरा रिमोट पुढं करायची. आधी हात धुऊन येतो, म्हणून हे मोरीकडं जायचे. बेसन, साबण, पुन्हा साबण, मग हात वाळवणं. परत येईतो तिचा गेम संपलेला असायचा आणि ती अभ्यासाला बसलेली असायची. बरं, पुढच्या वेळी, असं म्हणत ते डिस्क पुसून ठेवायचे. अशा पुष्कळ पुढच्या वेळा झाल्या. मग ती इंजिनियर होऊन जर्मनीला गेली. डिस्क इथंच राहिल्या, आणि दर दिवाळीला ती आली की पहिल्या दिवशी एकच लाडका जुना गेम लावते, शिंगं असलेल्या राक्षसाचा. तो आता दुकानात मिळत नाही.

गेल्या दसऱ्याला साडूंच्या आई, म्हणजे आमच्या अक्का, धुळ्याकडच्या खेड्यातून जळगावला आल्या. दसऱ्याला ज्याचं जे हत्यार त्याची पूजा. साडू मिलवर यंत्रांची पूजा करायला गेले. इकडं अक्कांनी विळी पुजली, मिक्सर पुजला, स्कूटर पुजली, आणि मग त्यांना वाटलं की आपल्या मुलाचं खरं हत्यार राहूनच गेलं. लॉकरची किल्ली देवांच्या फोटोमागं असते. अक्कांनी एकेक डिस्क काढली, हळदकुंकू पडू नये म्हणून ते तेलात कालवलं, बोटानं ठसठशीत लावलं, वर अक्षता टाकल्या आणि डब्या घट्ट बंद करून पुन्हा कुलपात ठेवल्या.

पुढच्या रविवारी मी तिथंच होतो. साडूंनी हात वर धरून यथासांग प्रवेश केला, पहिली डबी उघडली आणि त्यांच्या मांडीवर तांदूळ सांडले. कुंकू होतं ते चकचकीत बाजूला, म्हणजे मशीन जिथून वाचतं त्या बाजूला. साडूंनी डबी तशीच पुढं धरून अक्कांना विचारलं, ही पूजा उलट्या बाजूला का केली.

"दिनभर तेच पुसत ऱ्हास तू. मंग तेच तुन्हं हत्यार शे ना?" अक्का अहिराणीत म्हणाल्या. "पन येक आंगे राकेस शे. राकेसले कुकू लावस का कोनी? म्हनीसन दुसरी आंगे लायं."

राक्षसाला कुंकू कुणी लावत नाही म्हणून दुसऱ्या बाजूला लावलं, यात खोट काढायला जागाच नव्हती. बहुतेक डिस्कवर बंदुकवाले आणि दाढीवाले दांडगे छापलेले होते, ते सगळे अक्कांनी पालथे घातले होते. फक्त क्रिकेटच्या डिस्कवरचा बॅट उंचावलेला खेळाडू त्यांना भल्या घरचा वाटला, म्हणून त्याला त्यांनी सरळ कपाळावरच कुंकू लावलं होतं. आणि शिंगवाल्या राक्षसावर, तो शांत राहावा म्हणून, मूठभर जास्तीच्या अक्षता.

मला वाटलं, आता घरात महाभारत होणार. साडू उठले, अक्कांना वाकून नमस्कार केला, चांगलं केलं म्हणाले आणि हात धुवायला गेले. बाहेर ओट्यावर आल्यावर मी त्यांना म्हटलं, भाऊ, जाऊ द्या, खेळणंच आहे. तेव्हा ते जे बोलले ते मी विसरणार नाही. "साडूभाऊ, पोरगी आली की तो गेम लावते, मी शेजारी बसतो आणि मधूनमधून विचारतो, आता कुणाला मारायचं? ती सांगते. दुसरं आम्हाला काही बोलताच येत नाही हो. हे बंद पडलं तर ती आल्यावर मी बसू कुठं?" मला फार वाईट वाटलं, आणि ते लपवायला मी ताईला चहा मागितला.

दिवाळीपर्यंत साडूंनी डाळीकडं कमी आणि हळदीकडं जास्त लक्ष दिलं. जवळजवळ सगळ्या डिस्क स्वच्छ निघाल्या. राक्षसाची मात्र पिवळट राहिली आणि तांदळाचे चरे गेले नाहीत. ती मशीनमध्ये घालून बघायचा त्यांना धीर झाला नाही. लेक आल्यावरच काय ते होऊ दे म्हणाले, आणि मला आधारासाठी दिवाळीला बोलावून घेतलं. आधाराबरोबर भरीतही आहे असं कळल्यावर मी सहकुटुंब गेलो.

हिरव्या वांग्यांचं, तेलानं निथळणारं भरीत आणि पुऱ्या. भाची जेवता जेवता उठली, हात नुसता ताटाच्या कडेला पुसला, फोटोमागची किल्ली घेतली आणि राक्षसाची डिस्क काढून आणली. तेलकट अंगठा डिस्कच्या बरोबर मध्यभागी. मी साडूंकडं पाहिलं. त्यांचा घास हातातच राहिला होता. मशीन घरघरलं, कुरकुरलं, आणि डिस्क वाचता येत नाही असं पडद्यावर आलं.

"माझ्याकडनं खराब झाली ती," साडू म्हणाले. "पुसताना."

अक्का लगेच खोलीच्या कोपऱ्यातून म्हणाल्या, "खोटं बोलस तो. मी कुकू लायं."

मग राक्षसाची सगळी कथा बाहेर आली. भाची हसून हसून जमिनीवर लोळली आणि अक्कांच्या गळ्यात पडली. राक्षसाला जास्तीच्या अक्षता वाहिल्या हे ऐकून तर तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. साडू अजून ताटावरच, मान खाली घालून. तिनं ती डिस्क बाजूला ठेवली, अक्कांच्या त्या भल्या घरच्या खेळाडूची क्रिकेटची डिस्क लावली आणि दुसरा रिमोट वडिलांपुढं धरला.

"आधी हात धुऊन येतो," साडू म्हणाले आणि उठले.

"नंतर धुवा, पप्पा," ती म्हणाली. "बसा."

साडूंनी एकदा मोरीकडं पाहिलं, एकदा आपल्या भरीत लागलेल्या बोटांकडं, आणि ते बसले. त्यानंतर जे क्रिकेट झालं तसं मी कधी पाहिलं नाही. पहिल्या चेंडूवर त्यांची दांडी उडाली, दुसऱ्याला फलंदाज स्वतःच्याच विकेटवर धावून गेला. गोलंदाजी करताना त्यांचा गोलंदाज बराच वेळ नुसता धावतच राहिला. आता कुणाला मारायचं, असं ते सवयीनं विचारत होते आणि ती हसत सांगत होती, चेंडूला, पप्पा, चेंडूला. मध्येच ती तिथली थंडी सांगायला लागली, घर कसं आहे ते, एकटीनं जेवायचा कंटाळा कसा येतो ते. साडू आऊट होत होते आणि ऐकत होते. ताईनं चहा आणला तो तसाच गार झाला.

आता भाची परत गेली आहे. परवा कामानिमित्त जळगावला गेलो तेव्हा साडूंनी लॉकर उघडून दाखवला. माझ्यावर पुन्हा विश्वास बसला आहे, फक्त हात बेसनानं धुऊन यावं लागलं. सगळ्या डिस्क आरशासारख्या लखलखीत. राक्षसाची तेवढी होती तशीच, पिवळट, आणि तिच्यावर मधोमध भरिताच्या तेलाचा अंगठा. मी नकळत रुमाल काढला. साडूंनी माझा हात धरला.

"ती नका पुसू," म्हणाले. "ती राहू द्या तशीच."