शिवून टाकलेला धडा

आधी काकूंचं सांगते, मग बाकीचं. काकू म्हणजे आमच्या घरमालकीणबाई. घणसोली गावात त्यांच्या घरावरच्या खोलीत आम्ही नवराबायको सहा वर्षं भाड्यानं राहतोय. काकू मासळी विकतात. सही येत नाही, अंगठा लावतात. आणि मी दहावीच्या विज्ञानात पास झाले ती त्यांच्यामुळे. शाळेतल्या बाईंचे उपकार आहेतच, पण ते नंतर. आधी काकू.

मी सातवीत शाळा सोडली. परभणीकडचं आमचं गाव, पुढची शाळा लांब, मधे ओढा, आणि मुलीला इतकं लांब कोण सोडणार? मग लग्न झालं, इकडे आले आणि ऐरोलीतल्या एका शाळेत मावशी म्हणून लागले. वर्ग झाडायचे, बालवाडीतल्यांची नाकं पुसायची, सकाळी सातची घंटा द्यायची. घंटा उशिरा होईल या भीतीनं मी पावणेसातपासूनच दोरीपाशी उभी असते. स्वभावच तसला.

दोन वर्षांपूर्वी मुख्याध्यापिका म्हणाल्या, "मावशी, प्रयोगशाळेतले मामा रिटायर होतायत. दहावी झालात तर ती जागा तुम्हाला." मी बाहेरून फॉर्म भरला. सगळे विषय सुटले, विज्ञान राहिलं. मुख्याध्यापिकांनी अजून एक संधी दिली, पण सांगितलं, "यापुढे मला थांबता येणार नाही हं."

का नापास झाले ते मला पक्कं ठाऊक होतं आणि कुणाला सांगायची सोय नव्हती. पुस्तकातला एक अख्खा धडा मी शिवून टाकला होता.

म्हणजे असं. माझे वडील, अण्णा, माळकरी. गावात कीर्तन करतात. आमच्या घरी नवं पुस्तक आधी देवापुढे ठेवायचं, हळदकुंकू वाहायचं आणि मगच उघडायचं, अशी पद्धत. विज्ञानाच्या दुसऱ्या भागाचं पुस्तक ठेवलं, उघडलं, तर पहिलाच धडा उत्क्रांतीचा. माकड, मग वाकलेला केसाळ माणूस, मग ताठ माणूस, अशी रांगच. आता हे देवापुढे कसं राहू द्यायचं? पानं फाडावीत तर विद्येचा अपमान, उघडी ठेवावीत तर देवाचा. मी सुईदोरा घेतला आणि ती पानं कडेनं शिवून टाकली. पांढरा दोरा, बारीक धावदोरा. त्या दिवशी मला माझ्या हुशारीचं फार कौतुक वाटलं होतं.

त्यात आमचे शाळेच्या ऑफिसातले क्लार्क. मी नापास झाल्याचं कळल्यावर म्हणाले, "मनावर घेऊ नका, मावशी. निसर्गाचा नियमच आहे, बळकट असतो तो टिकतो. विज्ञानातच लिहिलंय." खरंच लिहिलंय का, ते मला कसं कळणार? धडा शिवलेला.

जानेवारीतल्या एका रविवारी काकू गच्चीवर बोंबील वाळत घालून माझ्या दारात टेकल्या. मी माळकऱ्याची मुलगी, म्हणून त्या हात धुतल्याशिवाय उंबरा ओलांडत नाहीत. मी एका शब्दानं कधी सांगितलं नव्हतं, त्यांचं त्यांनीच ठरवलेलं. त्यांची नजर पुस्तकावर गेली.

"काय गो, पुस्तकाला टाके घातलंस? बालंतीन झाला का काय ता?"

मला हसू आलं आणि हसता हसता रडूच फुटलं. मग सगळं सांगितलं. परीक्षा, जागा, देव, अण्णा, माकड.

"मंजे पुस्तक बोलतं का पयला सगली पान्यान होती, मंग जमिनीवर आली?"

"हो. शिवताना तेवढं दिसलं."

"मंग त्यान रडन्यासारका काय हाय? माना कोनी इचारला असता तं मी पन तेच सांगितला असता. चल, ऊठ. ओहोटी लागली हाय."

खाडीवर मी पहिल्यांदाच गेले. सहा वर्षं पाच मिनिटांवर राहून! काकू कास्टा मारून सरळ चिखलात उतरल्या, मी कडेला तिवरांच्या झाडांचा आधार धरून उभी. आधी नुसता चिखल दिसला. मग चिखल हलायला लागला. बोटाएवढे मासे, डोळे डोक्यावर बसवल्यासारखे, पुढच्या दोन परांवर हातांवर चालावं तसे चालत होते. पाण्यात नव्हे, चिखलावर. एक तर तिवराच्या मुळावर चढून बसला आणि माझ्याकडे बघायला लागला.

"काकू, हा बेडूक आहे का?"

"बेडूक तुजा मामा! निवटी ती. मासाच हाय." काकूंनी बिळात कोपरापर्यंत हात घातला. "बग, या खाडीन जिताडा मासा केवरा मोठा. जोर बी त्यालाच. पन पानी गेला का जिताडा काय करल? तडफडून मरल. आनि ही येवरीशी, हिचा जोर किती? पन हिना चिखलाशी जमवून घेतला. म्हनून र्‍हायली."

मला क्लार्क आठवले. तिथंच, चिखलाच्या वासात, मनातून एक दगड उतरल्यासारखं झालं. पण दुसरा होताच.

"काकू, पण मग देवानं केलं नाही का हे?"

काकूंनी बिळातला हात बाहेर काढला. चैत्रात देवीची पालखी निघते तेव्हा त्यांच्या अंगणात पहिली आरती होते. देवाचं त्यांना कुणी शिकवायला नको.

"देवाना निवटीला हलूहलू चालाला लावला, त्यान देवाचा काय कमी झाला? त्याला कसली घाई? त्याला काय तुज्यासारकी सातची घंटा द्याची हाय?"

घरी येऊन आम्ही टाके उसवले. काकूंनी पानं ताणून धरली, मी ब्लेड चालवलं. त्या दिवसापासून रोज संध्याकाळी मी पायरीवर बसून धडा मोठ्यानं वाचायची, काकू जाळं नीट करायच्या. एक ओळ झाली की त्यांचा सवाल यायचा. "शेपटी कशी गेली? हाड र्‍हायला का?" उत्तर देण्यासाठी मला आधी समजून घ्यावं लागे. असा अभ्यास मी जन्मात केला नव्हता.

शाळेतल्या विज्ञानाच्या बाई मधल्या सुट्टीत मला शिकवायच्या. त्यांना निवटीचं सांगितलं तर खूश झाल्या, पण दुरुस्तही केलं. "मावशी, निवटी आपली आजी नव्हे हं. ती आजचीच. फार तर लांबची चुलत बहीण म्हणा." मग क्लार्कचं बोलणं सांगितलं. बाई म्हणाल्या, "जुळतो तो टिकतो, असं आहे ते. आणि निसर्गात काय घडतं त्याची ती हकीकत आहे, माणसांनी एकमेकांशी कसं वागायचं त्याचा हुकूम नाही." हे मी वहीत लिहून घेतलं. क्लार्कनाही ऐकवलं. ते "अच्छा" म्हणाले आणि चहा सांगितला.

राहिले अण्णा. शेवटी त्यांना फोन लावला. सगळं ऐकून ते म्हणाले, "चौऱ्यांशी लक्ष योनी फिरून जीव माणसात येतो, हे मी तीस वर्षं सांगतोय. त्यात मासा आला, माकडही आलं. तुझ्या पुस्तकात किती दिल्यात?"

"मोजल्या नाहीत, अण्णा."

"मग नीट वाच की!" आणि फोन ठेवता ठेवता हळूच, "मासा खाल्ला तर नाहीस ना गं?"

हे बाईंना सांगितलं तर दोन्ही गोष्टी एक नव्हेत, योनीबिनी पेपरात लिहू नका, असं त्यांनी बजावलं. ते मी अण्णांना सांगितलं नाही. म्हाताऱ्या माणसानं इतकी जागा करून दिली, तेच मला खूप होतं.

मार्चमध्ये पेपरात परिस्थितीशी जुळवून घेण्याचं उदाहरण विचारलं. मी निवटी लिहिली. डोळे, पर, बीळ, सगळं. बाहेर आल्यावर आठवलं, निवटी पुस्तकात कुठंच नाही! मग निकालापर्यंत मी काय काय भोगलं ते माझं मला माहीत. तपासनीस विदर्भातला निघाला तर? त्यानं खाडी बघितलीच नसेल तर?

निकाल लागला. पास. मी जिन्यावरून ओरडतच खाली गेले. काकूंनी टोपली बाजूला सारली, आधी हात धुतले आणि मग माझा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"निवटीला किती दिला?"

"तसं वेगळं सांगत नाहीत, काकू."

"दिला आसल. दिल्याबिगर कसा र्‍हाईल?"

शाळा उघडली की प्रयोगशाळेची चावी माझ्याकडे येईल. तिथं कपाटात एक सूक्ष्मदर्शक आहे, मी वर्षानुवर्षं फक्त बाहेरून पुसलेला. काकूंनी एकदा विचारलं होतं, त्यातून खाडीचा थेंब कसा दिसत असेल. काकू, मुख्याध्यापिकांची परवानगी मी काढणार. खाडीचं पाणी मीच बाटलीत भरून आणणार, चिखलात स्वतः उतरून. तुम्ही स्टुलावर बसायचं, एक डोळा मिटायचा. काय दिसतंय ते त्या दिवशी मी विचारणार आणि तुम्ही सांगायचं. तुमचं एवढं तरी मी फेडणारच.