थोरल्या राजकन्येचा डोंगर

जपानातल्या इझूच्या त्या डोंगरावर उभं राहून फुजी पर्वताचं कौतुक करायचं नाही, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. डोंगरदेवाने आपल्या दोन्ही लेकी, दोन्ही राजकन्या, एकाच राजपुत्राला दिल्या. त्याने देखणी धाकटी ठेवून घेतली, खडकासारखी थोरली माघारी धाडली. फुजी धाकटीचा, हा डोंगर थोरलीचा. इथे फुजीची स्तुती केली, की थोरली कोळ्यांना समुद्रात लोटते म्हणतात.

तिचं डोंगरावरचं देऊळ शिगेनो झाडायची. तरुणपणी तिला बघायला आलेल्या होडीमालकाने चहा घेऊन आलेली धाकटी बहीण, मित्सुए, पसंत केली. वडील हो म्हणाले. बहिणीचा लग्नाचा किमोनो शिगेनोनेच शिवला. पुढे देऊळ झाडणारे वडील थकले, झाडू तिच्या हाती आला आणि हातातच राहिला.

म्हातारपणी मित्सुए विधवा होऊन, छातीचं दुखणं घेऊन माहेरी आली. आता शिगेनो तिला पेज भरवायची, तिचे कपडे धुवायची आणि मग पायऱ्या झाडायला जायची. रात्री पाठ टेकली की उठणं नको वाटायचं.

हिवाळ्यातल्या एका सकाळी मित्सुए हटून बसली. "ताई, एकदा वर ने."

धरत, बसवत, ढकलत शिगेनोने तिला वर नेलं. खाडीपलीकडे फुजी लख्ख दिसत होता.

"अगं बाई, किती सुं..."

शिगेनोने तिच्या तोंडावर हात ठेवला. "गप! माणसं समुद्रावर आहेत."

मित्सुए हसली, खोकली. मग म्हणाली, "हे शेवटी शेवटी म्हणायचे, थोरली केली असती तर घर टिकलं असतं. ताई, तुझा राग गेला नाही ना अजून?"

शिगेनोने आत चाचपून पाहिलं. राग सापडेना. नुसता शीण होता.

"एवढं सांगायला वर चढलीस? खाली चुलीपाशी सांगितलं असतंस तर माझी कंबर तरी वाचली असती."

उतरताना तिने बहिणीला पाठीवर घेतलं. वजन असं उरलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिने गावप्रमुख ओगिसोसानांना सांगितलं, "उद्यापासून देवळाला दुसरं कुणीतरी बघा."

"आणि राजकन्या रागावली तर?"

"रागावू दे. ती बसून आहे, मी इतकी वर्षं उभी आहे."

त्या हिवाळ्यात पायऱ्यांवर पानं साचली. दोघी बहिणी शेगडीपाशी पाय पसरून भाजलेली रताळी खायच्या, आणि बोलता बोलता शिगेनोला बसल्याजागी झोप लागायची.