शेफने लपवलेली ओळख

सौदीतल्या दम्मामच्या ज्या हॉटेलात मी वेटर होतो, त्याच्या मालकाला तिथे खरंखुरं फ्रेंच रेस्टॉरंट काढायचं होतं. म्हणून त्याने एक फ्रेंच शेफ आणला. या शेफचं आधी अमेरिकेतल्या एका शहरात स्वतःचं रेस्टॉरंट होतं. "तिथले लोक भराभरा जेवून उठायचे. मी त्यांना निवांत बसायला शिकवलं," असं तो आम्हाला अभिमानाने सांगायचा. मी रत्नागिरीच्या खाडीकाठचा. आमच्या घरी जेवताना कुणी बोललं की अब्बा डोळे वटारायचे. प्लेट कशी ठेवायची, पाहुण्यांचं बोलणं न तोडता कसं उभं राहायचं, हे सगळं शेफने मला शिकवलं. वाइन तिथे मिळायची नाही, म्हणून तो द्राक्षाचा रस आटवून सॉस करायचा आणि चाखून स्वतःच नाक मुरडायचा.

मग इराकने कुवेत घेतलं. जेवायला येणारी कुटुंबं सरहद्दीपासून दूर, जेद्दाकडे निघून गेली. हॉटेल अमेरिकन अधिकाऱ्यांनी आणि पत्रकारांनी भरलं. खिडक्यांच्या काचांवर चिकटपट्ट्या लागल्या. मालक किचनमध्ये येऊन म्हणाला, "सॉसबीस खलास. यांना बर्गर पाहिजे, बर्गर द्या."

बाकीचे स्वयंपाकी घाबरून मायदेशी गेले होते, त्यामुळे शेफ स्वतःच तव्यापाशी उभा राहिला. आम्ही त्याच्याकडे बघायचं टाळायचो.

एका दुपारी किचनचं दार उघडं राहिलं आणि एका अमेरिकन मेजरला तो दिसला. मेजरने मला बोलावलं. "आमच्या शहरात ज्यांचं फ्रेंच रेस्टॉरंट होतं, तेच ना हे शेफ? आमच्या लग्नाच्या वाढदिवसाला मी बायकोला तिथे नेलं होतं."

मी आनंदाने आत जाऊन सांगितलं. शेफच्या हातात केचपची बाटली होती. तो कानापर्यंत लाल झाला.

"मी तो नाही म्हणून सांग."

"पण शेफ, त्यांनी ओळखलंय तुम्हाला."

"सांग म्हटलं ना."

मी बाहेर येऊन सांगितलं. माझा चेहराच खोटं बोलू देईना. मेजर काय ते समजला आणि तोच ओशाळला. "माझी चूक झाली," तो हळूच म्हणाला. "तरी त्यांना सांगा, मुलं झाल्यापासून आम्ही दोघं नीट बोललो ते त्यांच्याच टेबलावर."

निरोप ऐकताना शेफ पाठमोराच राहिला. पण दुसऱ्या दिवशी त्याने सकाळपासून कांदे मंद आचेवर परतायला घेतले. "सूप करतोय. तो आला की हाक मार, मी स्वतः घेऊन जाणार," म्हणाला. अंगात इस्त्रीचा पांढरा कोट होता.

मेजर आलाच नाही. त्याची तुकडी सरहद्दीकडे गेल्याचं दुसऱ्या एका अधिकाऱ्याकडून कळलं.

शेफने आम्हा वेटरांना पाहुण्यांच्या टेबलावर बसवलं आणि ते सूप स्वतः वाढलं. तो उभा आणि आम्ही बसलेलो. माझी मान वर होईना. पण सूप इतकं चांगलं होतं की मी आणखी मागितलं, आणि मागितल्यावर मेल्याहून मेल्यासारखं झालं.

युद्ध संपलं तरी मालकाने बर्गरच चालू ठेवले. शेफने नोकरी सोडली. निघताना दारात थांबून मला म्हणाला, "बर्गरची लाज मी गिळली असती. तुला खोटं बोलायला लावलं, ते गिळवत नाही."

"जाऊ द्या, शेफ," मी म्हणालो आणि त्याची बॅग टॅक्सीत ठेवली.