माहेरचं नाव

शिष्यवृत्तीचा अर्ज भरायला मी नळदुर्गच्या सेवा केंद्रात गेलो होतो. शेजारी बसलेल्या अनोळखी मावशींनी आपला अर्ज माझ्यापुढं सरकवला. लग्नात बदललेलं नाव सोडून त्यांना माहेरचं नाव राजपत्रात नोंदवायचं होतं. पुराव्यासाठी आणलेला शाळेचा दाखला त्या पदरानं पुसत होत्या.

“तवा तांदळात अंगठीनं लिहिलं अन् नाव बदललं. मला कुणी इचारलं पण न्हाय,” त्या हसल्या. “आता माझंच नाव मला घ्यायला प्रतिज्ञापत्र, फोटो, वर फी!”

चुकू नये म्हणून मी दाखला दोनदा वाचला आणि ‘नवीन नाव’ या रकान्यात त्यांचं सगळ्यांत जुनं नाव लिहिलं.

केंद्रातल्या ताईंनी ते पुकारलं. मावशी ताठ उभ्या राहिल्या आणि मोठ्यानं म्हणाल्या, “हजर!”